मेश्रामभाऊंची पाचपट्टी

मेश्रामभाऊंनी अकरा वर्षांत मला एकदाही ‘किती वाजले’ असं विचारलं नाही. दवाखान्यात काम करणाऱ्या माणसाच्या बाबतीत हे जरा नवलाचंच म्हणायचं. आमच्याकडे येणारा पेशंट पायरी चढतानाच डॉक्टर आले का ते विचारी, आणि नाही म्हटलं की किती वाजले ते.

मी धंतोलीतल्या त्या दवाखान्यात रक्त-लघवी तपासायला होते. साल एकोणसत्तर ते ऐंशी. माझ्याजवळ तीन घड्याळं असत. टेबलावर गजराचं, गळ्यात स्टॉपवॉच आणि मनगटावर माहेरहून मिळालेलं. बोटाला टोचल्यावर रक्त किती वेळ येतं, किती वेळात गोठतं, नळीत उभं करून ठेवलं तर तासाभरात किती खाली बसतं, हे मोजायचं माझं काम. त्यामुळे वेळेच्या बाबतीत मी पहिल्यापासून काटेकोर. घरचे त्याला खाष्ट म्हणत.

पातळ भिंतीच्या पलीकडे मेश्रामभाऊ बसत. ते कंपाउंडर. उंच, वाळके, पांढरा अर्ध्या बाह्यांचा सदरा, खिशाला दोन पेनं, त्यातलं एक न लिहिणारं. ते कशाला ठेवलं म्हणून विचारलं तर म्हणत, मागणाऱ्याला द्यायला. पुड्या बांधणं, मिक्श्चरच्या बाटलीवर डोसाच्या कागदी खुणा चिकटवणं, नंबर पुकारणं ही त्यांची कामं. त्याशिवाय आणखी एक काम होतं, ते कुठल्याच कागदावर नव्हतं. पेशंट फार वेळ बसून राहिले की ते पाचपट्टी वाजवत.

पाचपट्टी म्हणजे तांब्याच्या पाच पट्ट्या. सगळ्यात मोठी हातभर, सगळ्यात लहान वीतभर. बाभळीच्या चौकटीवर चामड्याच्या दोऱ्यांनी ताणून बांधलेल्या. चिंधी गुंडाळलेल्या दोन काड्यांनी मोठीकडून लहानीकडे जात वाजवायची. आवाज काही फार सुंदर नव्हता. भरल्या हंड्यावर बोट मारलं की येतो तसा, जरासा ओला. त्यात राग नव्हता, ताल असलाच तर तो मला कळत नव्हता. पण ऐकणाऱ्याचे चार तास दहा मिनिटांत जात. जात म्हणजे अक्षरशः जात. माणूस बसे, जरा मान टेकवी, आणि उठे तेव्हा उन्हं भिंतीवरून खाली आलेली असत.

हे मी कुणाला सांगितलं की लोक माझ्याकडे बघत. मीसुद्धा पहिले दोन महिने तशीच बघत होते.

सुरुवात मुतखड्याच्या एका बाईपासून झाली म्हणतात. डॉक्टर यायला उशीर, बाई वेदनेने गडबडा लोळतेय आणि दर मिनिटाला विचारतेय, अजून किती. मेश्रामभाऊंना ते पाहवलं नाही. ते सायकलवर घरी गेले आणि माळ्यावरून पोत्यात बांधलेली पाचपट्टी घेऊन आले. बाईला वाटलं, टेकले नि डॉक्टर आले. तेव्हापासून ती चौकट औषधाच्या कपाटाशेजारीच राहिली. बसायच्या खोलीत एक भिंतीवरचं घड्याळ होतं, ते भाऊंनी काढून कपाटात ठेवलं. आता त्याचं काही काम उरलं नाही, असं त्यांचं म्हणणं.

आल्या-गेल्याला त्यांचं एकच वाक्य असे, “बसा, झालंच.” खोटं कधी ठरलं नाही.

काटोलकडचे एक शेतकरी पोटदुखी घेऊन सकाळी नऊला आले. त्यांचा नंबर लागला संध्याकाळी सातला. तपासून बाहेर आल्यावर त्यांनी माझ्या दारात येऊन वेळ विचारली. मी सांगितली. त्यांनी माझं मनगटावरचं घड्याळ पाहिलं, मग गजराचं पाहिलं, आणि दोन्ही घड्याळं एकदम बिघडली असल्याचं मला समजावून सांगितलं. आताच तं बसलो, म्हणाले. मग त्यांना बाहेरचा अंधार दिसला. चार वाजता त्यांचा मुलगा होस्टेलवरून स्टँडवर भेटायला येणार होता. तो वाट पाहून गेला असणार. “जाऊ द्या, पुढच्या महिन्यात भेटन,” असं म्हणत ते पायऱ्या उतरले. पोटाचं काहीच नव्हतं, साधा गॅस.

माझीही फजिती झालीच. नळीत रक्त उभं करून बरोबर एका तासाने वाचायचं, हा माझा रोजचा धर्म. त्यासाठी गजर लावायची मला गरज नसे. तास झाला की मला आपोआप कळे, आणि त्याचा मला गर्व होता. एका सोमवारी मी अकरा जणांच्या नळ्या उभ्या केल्या. भिंतीपलीकडे पाचपट्टी सुरू होती. तास झाल्यासारखं वाटलं तसं उठून वाचलं आणि रिपोर्ट लिहिले. अकराच्या अकरा जणांचं रक्त बिघडलेलं. डॉक्टर रिपोर्ट हातात घेऊन कितीतरी वेळ खुर्चीत बसले. धंतोलीत कसली साथ आली आहे, आणि ती हाडाच्या पेशंटला, मधुमेहाच्या पेशंटला आणि लग्नाआधी सहज तपासायला आलेल्या मुलीला एकाच वेळी कशी झाली, हे त्यांना उमगेना. शेवटी मी घड्याळ पाहिलं. नळ्या चार तास उभ्या होत्या.

मी तणतणत भाऊंकडे गेले. ते पुड्या बांधत होते.

“ताई, तुमाले किती वेळ वाटला?”

“एक तास.”

“मंग तं चांगलंच वाजलं म्हनायचं,” ते म्हणाले, आणि पुडी दुमडली.

अकराही जणांना पुन्हा टोचावं लागलं. त्या दिवसापासून मी गजर लावायला लागले आणि कानात कापसाचे बोळे घालायला लागले. पेशंटना वाटे, बाईंना ऐकू कमी येतं. ते माझ्याशी ओरडून बोलत.

एकदा प्राचीन इतिहास शिकवणारे एक प्राध्यापक पाय मुरगळला म्हणून आले. पट्ट्यांचं तांबं पाहून ते पाय विसरले. भिंग काढलं, ठोक्यांच्या खुणा पाहिल्या, आणि हे दोन-तीन हजार वर्षांपूर्वीचं काम असलं पाहिजे म्हणून सांगितलं. कुठे सापडलं? भाऊंच्या खापरपणज्याला विहीर खणताना. मग प्राध्यापक ऐकायला बसले आणि त्यांचे कॉलेजातले त्या दिवशीचे तिन्ही तास बुडाले. दुसऱ्या दिवशी वही घेऊन आले, तेव्हाही तेच. तिसऱ्या दिवशी आले नाहीत. त्यांचं पत्र आलं, की अशा वाद्यावर लेख लिहायला जो वेळ लागतो तो हे वाद्य ठेवत नाही. भाऊंना पट्ट्यांच्या वयाचं फारसं काही वाटलं नाही. “तीन हजार वर्सं? माह्या आजा तं सांगे कालपरवाच सापडलं म्हून.”

भाऊंचं हसू मी फार कमी पाहिलं. राग पाहिला तो एकदाच. खापरखेड्याकडे घरं बांधायचं काम घेतलेला एक ठेकेदार गुडघा दाखवायला आला होता. बाहेर बसला, ऐकलं, आणि जाताना भाऊंना म्हणाला की कामावर येऊन वाजवत जा, मजूर फार घड्याळ बघतात. भाऊंनी त्याच्या हातातली औषधाची बाटली काढून घेतली, खुणा नीट चिकटल्या आहेत का ते पाहिलं, परत दिली आणि दार दाखवलं. दुपारी माझ्या खोलीत येऊन स्टुलावर बसले.

मग त्यांनी सांगितलं. गावात ही पाचपट्टी वाजवणं हे त्यांच्या घराचं काम होतं. निंदण चालू असलं की मालगुजार, म्हणजे गावचा जमीनदार, त्यांच्या बापाला बांधावर बसवी. “बाया निंदत राहे, बाप वाजवत राहे. बायायले वाटे आताच तं आलो. पाहे तं दिवस बुडेल. घरी लेकरं रडून रडून झोपेल. त्या बायात माही मायबी राहे, ताई.” छप्पन साली बाप नागपूरला आला, दीक्षा घेतली, गावी परतला आणि गावकीची सगळी कामं सोडली. पाचपट्टी पोत्यात बांधली ती त्याच दिवशी. मोडून विकावी असंही त्याच्या मनात होतं. पण ऐकणाऱ्यांचे जे दिवस गेले ते तिच्यातच कुठेतरी असतील असं वाटून त्याने ती ठेवली.

मग तुम्ही का काढली, असं मी विचारलं.

“दुखनाऱ्याचा वेळ कमी केला, तं त्याचं आपुन काय नेलं?”

मला फक्त एवढं दिसत होतं की आमचे डॉक्टर पूर्वी सव्वानऊला येत, ते आता अकराला येऊ लागले होते, आणि कधीकधी साडेबाराला. हाताला गुण असलेला माणूस, पण सकाळी क्लबात पत्त्याला बसला की उठवत नसे. पूर्वी पेशंटच्या बोलण्याची भीती असे. आता बोलायला कुणी उरलंच नव्हतं. मी एकदा हे भाऊंच्या कानावर घातलं. त्यांनी विचारलं, कुणाला त्रास झाला का? झाला नव्हता.

पाचपट्टीला भीक न घालणारी एकच व्यक्ती मी पाहिली, ती म्हणजे भाऊंची बायको कौतिकाबाई. ठेंगणी, सावळी, चालताना बोलणारी आणि बोलताना चालणारी. दर रविवारी ती चिंच-मीठ लावून पट्ट्या घासायची, लख्ख करायची. पण घरात वाजवू द्यायची नाही. एकदा भाऊ वाजवत असताना तिचा भात करपून तळाला कोळसा झाला होता. तेव्हापासून तिने हुकूम काढला होता, वाजवायचं तर अंगणापलीकडे. “माह्या दिवस मले पुरत नाई, त्यात तुमचं आनखी,” असं ती आमच्यासमोरच सांगे. मुलं मोठी होऊन कामाला लागली होती, तरी तिचा दिवस पुरत नसे.

अठ्ठ्याहत्तरच्या हिवाळ्यात तिच्या पोटात गाठ निघाली. तिचं रक्त मीच तपासलं. आकडा पाहून दुसऱ्यांदा तपासलं, मग गजर लावून तिसऱ्यांदा. मोठ्या दवाखान्यात दाखवून झालं, तिथून परत पाठवलं. डॉक्टरांनी वरच्या मजल्यावरच्या खोलीत खाट दिली आणि भाऊंना बाजूला घेऊन दोन महिने म्हणून सांगितलं. भाऊ माझ्याकडे आले.

“ताई, दोन महिन्याचे तास किती होते?”

मी कागदावर गुणाकार केला. चौदाशे चाळीस. त्यांनी तो कागद घेतला, घडी केली आणि न लिहिणाऱ्या पेनामागे खिशात ठेवला.

तिसऱ्या दिवशी दुपारी मी रक्त घ्यायला वर गेले, तर भाऊ पाचपट्टी घेऊन खाटेशेजारी बसलेले. कौतिकाबाईचा चेहरा दुखण्याने ताठ झाला होता. मी दंडाला रबर बांधलं. भाऊंनी काड्या उचलल्या.

“ठेवा ते खाली,” ती म्हणाली.

“दुखून राहिलं ना वं तुले.”

“दुखून राहिलं. पन ते माह्यं हाय.” तिला धाप लागली, ती थांबली, मग पुन्हा बोलली. आवाज अजिबात चढवला नाही. “तुमच्या मायचा दिवस मालगुजारानं नेला. खाली बसनाऱ्या लोकायचा तुमचा डॉक्टर नेते. माह्याजवळ हायेच किती, तेबी तुमीच नेता काय?”

मी सुई टोचली होती. रक्त नळीत येत होतं. खोलीत तेवढीच हालचाल होती. भाऊ काड्या हातात धरून बसले होते, आणि इतक्या वर्षांत कुणी त्यांना साधं गणित समजावून सांगितलं नव्हतं, ते आज सांगितल्यासारखे दिसत होते.

मग ते म्हणाले की बाप सांगायचा, उलटीकडून, लहानीकडून मोठीकडे वाजवली तर वेळ लांबतो. पण कुणी कधी वाजवली नाही. गरिबाचा दिवस लांबवून कुणाचं भलं होणार होतं?

“दुखनंबी लांबन पन,” ते म्हणाले.

“लांबू द्या.”

भाऊंनी चौकट उचलली आणि फिरवून ठेवली. मी नळीला बूच लावलं. ते माझ्याकडे न बघता म्हणाले, “ताई, तुमी जा आता. हे तिचं हाय.”

मी निघाले. पहिला ठोका मला जिन्यात लागला. त्या दिवशी मी कापूस घातला नव्हता. चौदा पायऱ्यांचा तो जिना मी रोज दहा वेळा चढत-उतरत होते, पण तो पाहिला असा त्या दिवशीच. कठड्याला कुणीतरी नखाने कोरलेलं नाव होतं. खिडकीतून दिसणारं कडुलिंबाचं पान गळून खाली यायला जो वेळ लागला, त्यात मला माझं सगळं बालपण आठवलं, अगदी चिरमुऱ्यांच्या वासासकट. खाली पोहोचले तेव्हा संध्याकाळ झाली असेल असं वाटत होतं. हातातली नळी पाहिली. कौतिकाबाईचं रक्त अजून गोठलंही नव्हतं. म्हणजे फार तर तीन मिनिटं.

त्यानंतर रोज दुपारी चार वाजता भाऊ वर जात आणि वीस मिनिटांनी खाली येत. काय बोलत ते मला माहीत नाही. एकदा दाराबाहेरून तिचं हसणं ऐकू आलं. एकदा कण्हणं, फार लांब. दार कुणी उघडलं नाही. कौतिकाबाई त्यानंतर बावन्न दिवस जगली. रोजची वीस मिनिटं धरून त्या दोघांना एकमेकांचा किती सहवास मिळाला, याचा हिशेब मी एका रात्री करायला बसले आणि अर्ध्यावर सोडून दिला. माझ्या घरी सगळं ठीक होतं, नवरा चांगला, मुलगी हुशार. तरी मला त्या बाईचा हेवा वाटला. हे लिहायला मला लाज वाटत नाही.

ती गेल्यावर दहाव्या दिवशी भाऊ कामावर आले. पुड्यांच्या कागदांना हात लावायच्या आधी त्यांनी कपाट उघडलं, भिंतीवरचं घड्याळ बाहेर काढलं, फडक्याने पुसलं, माझ्या घड्याळाशी जुळवलं आणि बसायच्या खोलीत जुन्या खिळ्याला टांगलं. पाचपट्टी पोत्यात बांधून सायकलला लावली. पहिला पेशंट आला, डॉक्टर आले का विचारलं. भाऊ म्हणाले, “नाई. अडीच तास लागन.”

त्या दिवशी साडेदहाच्या सुमाराला बसायच्या खोलीत जे झालं ते धंतोलीत पुष्कळ दिवस गाजलं. इतक्या वर्षांत साठलेलं सगळं लोक एकदम बोलले. डॉक्टरांनी भाऊंना खोलीत बोलावून पाचपट्टी परत आणायला सांगितली, आधी गोडीने, मग चढ्या आवाजात. भाऊंनी ऐकून घेतलं आणि नंबर पुकारायला बाहेर आले. पुढच्या सोमवारी डॉक्टर सव्वानऊला आले. मी तारीख डायरीत लिहून ठेवली होती.

ऐंशी साली भाऊ नोकरी सोडून काटोलकडे भावाच्या वावरात राहायला गेले. जाताना मला न लिहिणारं पेन देऊन गेले. त्याच वर्षी माझ्या नवऱ्याची अमरावतीला बदली झाली.

मग ते भेटले चार-पाच वर्षांनी, नागपूरच्या एस.टी. स्टँडवर. बाकावर बसले होते, मांडीवर पोत्याचं गाठोडं. पार वाळले होते, पण सदरा तसाच. खिशाला आता एकच पेन होतं. मी समोर जाऊन उभी राहिले तेव्हा त्यांनी आधी माझ्या गळ्याकडे पाहिलं. स्टॉपवॉच शोधत असणार.

“किती वाजले, ताई?” त्यांनी विचारलं.

मी घड्याळ दोनदा पाहिलं. मग सांगितलं, पाच वाजून दहा. माझी बस पाच-वीसची.

“दहा मिनटं हाय मंग,” ते म्हणाले. “पुष्कळ झाले. बसा.”

मी बसले. गाठोड्याकडे बघून म्हटलं, भाऊ, एकदा वाजवा ना, उलटीकडून. त्यांनी गाठ सोडली. आत संत्री होती. पाचपट्टी घरीच आहे, म्हणाले. वाजवत नाही. दर रविवारी चिंच-मीठ लावून घासतात. “घासाले दोन तास लागते. पूर्न दोन तास.”

त्यांनी एक संत्रं सोललं, सावकाश, साल एकसंध काढत, आणि एकेक फोड मला देत गेले. मुलीचं विचारलं. मी सांगितलं. नातवाचं त्यांनी सांगितलं. मध्ये थोडा वेळ आम्ही समोरच्या गाडीचं टायर बदलताना बघत बसलो. मग माझी बस लागली. कंडक्टरने हाक मारली. मी उठले, त्यांनी उरलेली संत्री माझ्या पिशवीत घातली, आणि मी चढले.

बस स्टँडबाहेर वळली तेव्हा मी मनगटावरचं घड्याळ पाहिलं. पाच-वीस. मोजून दहा मिनिटं झाली होती.